कुसळवाडीची दिवेलागण

१

दिवाळीतल्या पणत्यांचं तेल अजून वाळलं नव्हतं, तोवर कुसळवाडीत मुकादमाचा ट्रॅक्टर आला. दरवर्षीचंच ते. पाथर्डीच्या त्या डोंगरपट्ट्यात बाजरी निघाली की पुढं हाताला काम नसतं. मग भांडी, गोधड्या, कोंबड्या, लेकरं सगळं ट्रॉलीत चढतं आणि माणसं ऊस तोडायला खाली मुलखात जातात. कारखान्याचा पट्टा पडेस्तोवर, म्हणजे हंगाम संपेस्तोवर, गाव ओस.

मच्छिंद्र मागं राहायचा. तरुणपणी त्यानंही कोयता धरला होता, पण कंबर गेली तेव्हापासून गावाच्या किल्ल्या त्याच्याकडं. सगळ्या किल्ल्या एका सुतळीत ओवलेल्या. कुठली कुणाची हे त्याला हाताला लागताच कळायचं.

वैजनाथनं कुलूप ओढून बघितलं आणि किल्ली त्याच्या तळहातावर ठेवली. "आप्पा, तेलाची बाटली कोनाड्यात हाय. भरून ठिवलीय."

"आन् वाती?"

"माझ्या जुन्या बनियनच्या करा की."

"तुझं बनियन मी बघितलंय. त्याच्या वाती पेटायच्या न्हाईत, जाळ इझवायला कामी येतील."

ट्रॉलीत बसलेली वैजनाथची बायको सत्यशीला पदर तोंडाला लावून हसली. मच्छिंद्रची बायको छबूबाई खाली उभी होती, तिनं सत्यशीलाच्या मांडीवर शेंगांची पुरचुंडी टाकली. दोघींची घरं समोरासमोर, दिवसातून दहादा येणंजाणं. "लवकर या गं," छबूबाई म्हणाली. ट्रॅक्टर हलला. धूळ बसेस्तोवर ती तिथंच उभी राहिली.

आता काम असं असायचं. रोज दिवेलागणीला मच्छिंद्र घरोघरी जायचा, कुलूप काढायचा, देवापुढं दिवा लावायचा. पण मुक्यानं आत शिरायचं नाही. त्याच्या बापानं घालून दिलेली रीत होती. उंबऱ्याबाहेर उभं राहून हाळी द्यायची, "हायेत का घरात?" आणि आपणच उत्तर द्यायचं, "हाय, या." मग पाऊल टाकायचं. बाप म्हणायचा, मुक्यानं शिरलं की घराला कळतं, आपल्यात कोणी न्हाई. एकदा घराला ते कळलं की ते माणसाची वाट बघायचं सोडून देतं.

२

आधीची वर्षं वेगळी होती. चारदोन म्हातारी माणसं मागं असायची, शाळेची पोरं असायची. यंदा पोरं नाहीत म्हणून शाळाच बंद पडली. शेजारची रंगुबाई होती, तिला दसऱ्याच्या आधी लेकीनं उचलून नेली. राहिली ती दोघंच, मच्छिंद्र आणि छबूबाई.

बाजारच्या दिवशी मच्छिंद्र खालच्या गावात गेला, तर ग्रामपंचायतीपुढं कोणीतरी म्हणालं, असंच चाललं तर कुसळवाडी बेचिराग होईल. शब्द त्यानं ऐकलेला होता, पण आपल्या गावाला लावलेला कधी ऐकला नव्हता. तो दत्तोपंतांकडं गेला. पंत तहसील कचेरीत कारकुनी करून म्हातारे झालेले. डोळे गेलेले, कान शाबूत. दोघांची जुनी ओळख.

"पंत, ओस म्हना, उजाड म्हना, बेचिराग म्हना, येकच की न्हाई?"

पंतांनी चहा बशीत ओतला. "एक कसं असेल, मच्छिंद्रा? उजाड रान होतं. ओस घर पडतं, आणि परत भरतंही. बेचिराग हा सरकारी शब्द. चिराग म्हणजे दिवा. ज्या गावात दिवा लावायला माणूस उरला नाही, ते बेचिराग."

"आमी तर शिवी म्हून ऐकलं. तुझं घर बेचिराख हुईल म्हन्त्यात बाया भांडताना."

"तेच ते. राख डोळ्यापुढं येते ना, म्हणून लोकांनी ग चा ख केला. पेपरवालेसुद्धा आग लागली, लढाई झाली की तसंच लिहितात. पण खऱ्या बेचिराग गावाला आग लागलेली नसते. राख नाही, पडझड नाही. माणसं तेवढी नसतात." पंतांनी बशी ओठाला लावली. "आणि गंमत बघ. सरकार त्या गावाचं नाव काही खोडत नाही. शीव तशीच, नाव तसंच. नुसतं नाव राहतं."

मच्छिंद्रला जरा धीर आला. "मी लावतो की दिवा. रोज. घरटी येक."

"कुणाच्या नावानं?"

"ज्याचं घर त्येच्या."

पंतांनी बशी खाली ठेवली. मग म्हणाले, "आणि ज्याचं घर तो यायचाच नसला तर, मच्छिंद्रा? मग तू दिवा लावून कुणाला बोलावतोस?"

मच्छिंद्र हसला. म्हणाला, "तुमी कचेरीतली मानसं. तुमाला सगळ्यात खोट दिसती."

३

उसाला गेलेल्या वाल्मिकचं घर गावाच्या टोकाला, घरकुलातलं, वर स्लॅब. त्या संध्याकाळी थंडी पडली होती. मच्छिंद्रनं कुलूप काढलं, दार ढकललं, पायताण बाहेर काढलं आणि हाळी दिली. "हायेत का घरात?"

उत्तर द्यायला त्यानं तोंड उघडलं, त्याच्या आधी आतून आलं, "हाय."

मोठ्यानं नाही. कामात असलेलं माणूस मान वर न करता म्हणतं तसं.

मच्छिंद्र उंबऱ्यावर थांबला. आत अंधारात माठाची तिवई, भिंतीला टेकवलेली बाज, तारेवर एक विसरलेलं झबलं. बाकी काही नाही. त्यानं घसा खाकरला. स्लॅबचं घर, रिकामं, आवाज घुमतो, असं त्यानं मनाला सांगितलं. मग त्याचं त्यालाच पटेना. घुमला असता तर 'घरात' घुमलं असतं. 'हाय' कसं घुमेल? मग त्याला वाटलं, इतकी वर्षं आपण ते म्हणतोय, तोंडातून आपसूक निघून गेलं असेल. म्हाताऱ्या माणसाचं काय. हे मात्र पटलं. त्यानं दिवा लावला, हात जोडले आणि निघाला.

तरी दुसऱ्या दिवशी त्यानं एक केलं. हाळी दिली आणि लगेच काडीपेटीतली काडी दातांत घट्ट धरली. जीभसुद्धा हलू दिली नाही.

"हाय. या."

काडी दातांत मोडली. त्या दिवशी त्यानं दिवा उंबऱ्यावरच ठेवला आणि दार ओढून घेतलं.

घरी छबूबाई भाकरी थापत होती. "लवकर आलात," ती म्हणाली. "बरं, सांगायचंच ऱ्हायलं. पारावर गेल्ते तवा वाल्मिकच्या बायकूचा फोन आल्ता. त्येला तिकडंच वाचमनची नोकरी लागली. खोली घेतली, पोरीला तिकडच्या शाळंत घातली. आता काय येत न्हाई म्हन्ली."

"कवा आल्ता फोन?"

"काल सकाळी."

मच्छिंद्रनं भाकरीचा तुकडा मोडला आणि बराच वेळ हातातच धरला. "वाल्मिक तिकडंच हाय ना? हितं न्हाई ना आला?"

"ऐकता का कानानं? येत न्हाई म्हन्ली म्हन्ते मी."

४

छबूबाईला यंदाचं ओस सोसत नव्हतं. बोलायला बाईमाणूस नाही. दुपारी दारात बसून समोरच्या कुलपाकडं बघायची, म्हणायची, कुलपासंगं बोलायची येळ आली. लेक रेश्मा राहुरीला दिलेली. ती आठवड्याला फोन करायची, आईला घेऊन या म्हणायची. मच्छिंद्र म्हणायचा, पट्टा पडू दे, मानसं आली की येतो. किल्ल्या कुणाकडं द्यायच्या?

एक दिवस मांजरानं दह्याचं गाडगं पाडलं. विरजणाला थेंब उरला नाही. गाय एकच, पण ताकाशिवाय म्हाताऱ्याला घास उतरत नसे. आता बाजारच्या दिवसापर्यंत कोरडंच, असं धरून तो दुसऱ्या रात्री पानावर बसला, तर छबूबाईनं ताकाची वाटी पुढं ठेवली.

"इरजन कुठून आनलं?"

"कुठून म्हंजे? सत्यशीलाकडून."

मच्छिंद्रनं वाटी खाली ठेवली. "अगं, सत्यशीला उसाला गेलीय."

"आली की. सकाळीच दार उघडं दिसलं म्हून गेले. चुलीपुढं बसली हुती. म्हन्लं, बाई, इरजन दे जरा. तिनं हात मागं करून वाटी दिली." छबूबाईनं पदरानं कपाळ पुसलं. "बोलली न्हाई फारशी. दमली असंल."

"तोंड बघितलं का तिचं?"

"चुलीपुढं बसल्यालं मानूस, पाठच दिसती. तोंड कशाला बघायचंय? मी काय सोयरीक करायला गेल्ते?"

मच्छिंद्रनं सुतळी बघितली. वैजनाथची किल्ली तिच्यात होती. बाहेर येऊन त्यानं समोर बघितलं, कुलूप दाराला होतं. तो आत आला. ताक घट्ट होतं, मधुर होतं. त्याला ते गिळता आलं नाही. छबूबाईनं ते घटाघटा पिऊन टाकलं.

म्हातारीला भास झाला, एवढंच त्याला म्हणता आलं असतं. एकटं राहून होतं तसं. पण भासानं दूध विरजत नाही.

५

गावात मोबाईलला रेंज फक्त मारुतीच्या पारावर. सकाळी तो तिथं जाऊन बसला आणि वैजनाथला फोन लावला.

"बोला, आप्पा." मागं कोयत्यांचा खच् खच् आवाज.

"सत्यशीला कुठाय?"

"ही काय, मोळ्या बांधतीय. काय झालं?"

"काय न्हाई. छबू इचारीत हुती."

लांबून सत्यशीलाचा आवाज आला, काकू बरी हाय का म्हणून. तोच आवाज, थकलेला, उसाच्या पाचोळ्यात अडकल्यासारखा. मच्छिंद्रच्या छातीवरचं ओझं उतरलं आणि लगेच दुपटीनं बसलं.

"आप्पा," वैजनाथ म्हणाला, "तुमाला सांगनारच हुतो. आमचं परवा ठरलं. हितं मालकानं बारमाही कामाला ठिवलं. खोली देतो म्हन्ला, पानी हाय, लाईट हाय. तिथं डोंगरावर येऊन तरी काय करायचं, सांगा बरं."

"परवा ठरलं?"

"व्हय. परवा रात्री."

छबूबाई विरजण मागायला गेली ती काल.

"किल्ली तुमच्याकडंच असू द्या," वैजनाथ म्हणत होता. "घराकडं लक्ष ठिवा. दिवा तेवढा लावत जा."

"का रं? यायचं न्हाई तर दिवा कशाला?"

 मागचे कोयते थांबल्यासारखे वाटले. वैजनाथ खालच्या आवाजात म्हणाला, "असं कसं, आप्पा. घर हाय ते आपलं."

त्या संध्याकाळी मच्छिंद्र वैजनाथच्या घरी गेला नाही. मुद्दाम गेला नाही. स्वतःच्या ओट्यावर बसून तो समोर बघत राहिला. सूर्य डोंगराआड गेला, शेळ्यांच्या रिकाम्या गोठ्यात चिमण्या गप्प झाल्या. मग वैजनाथच्या दाराखालच्या फटीतून पिवळा उजेड बाहेर आला, आणि थोड्या वेळानं तो मधेच तुटला. आतून कोणीतरी दारापाशी आल्यासारखा.

कुलूप बाहेरून होतं. किल्ली मच्छिंद्रच्या मुठीत होती.

६

पुढं पुढं आवाज वाढले. दुपारच्या शांततेत कुणाच्या तरी घरात पाट्यावर वरवंटा फिरायचा. हापशाच्या वाटेवर कळशी दगडाला लागल्यासारखं व्हायचं. कोणी खोकायचं. बघायला गेलं तर वाट मोकळी आणि दारं बंद. मच्छिंद्र पारावर जाऊन एकेकाला फोन करायचा. ज्या घरातून आवाज, त्या माणसाचं उत्तर ठरलेलं. आप्पा, यंदा काय जमत न्हाई. आप्पा, पोराचं शिक्षान. आप्पा, तुमीबी या हिकडं.

काही घरं मात्र मुकी होती. हाळी दिली की आत काळोख गप्प असायचा. त्यालाच उत्तर द्यावं लागायचं, "हाय, या." तिथं मच्छिंद्र जरा जास्त वेळ थांबायचा. मुक्या घरात त्याला बरं वाटायचं. मुकं घर म्हणजे अजून मनात गाव असलेलं माणूस.

छबूबाईचं मात्र उलटं. ती खुलली होती. केस विंचरून, हातात पितळी घेऊन दुपारची निघायची, दिवस कलला की परतायची. गुणगुणत चूल पेटवायची.

"गाव भरल्यागत वाटतंय, न्हाई?" ती एकदा म्हणाली.

"कोन कोन भेटलं?"

"सगळीच की. वाल्मिकची बायकू हाय, सत्यशीला हाय. पलीकडच्या आळीतल्या हायेत."

"बोलतेत काय?"

छबूबाईनं विचार केला. "मीच बोलते. त्या हाय म्हन्त्यात."

"तुला भ्या न्हाई वाटत?"

"कशाचं? मी येकटी बसत हुते तवा वाटायचं भ्या." ती जाळाकडं बघून म्हणाली, "तवा तुमी इचारलं न्हाई."

मच्छिंद्रला त्या रात्री झोप नव्हती. शेजारी छबूबाईचा श्वास चालला होता, आणि त्याला वाटलं, ही अशीच एखाद्या दुपारी कुणाच्या तरी चुलीपाशी बसेल आणि उठायचीच नाही. पाठमोरी होईल. गावाचं काय व्हायचं ते होवो, किल्ल्या पारावर टांगू, पण हिला इथून काढली पाहिजे. बेचिराग तर बेचिराग.

सकाळी उठून त्यानं रेश्माला फोन केला. "ये बाई. उद्या सकाळी टेम्पो घिऊन ये. आमी दोघंबी येतो."

रेश्मा रडायलाच लागली. "खरंच येताय, आप्पा?"

"येतो म्हन्लं ना. ठरलं."

७

शेवटची फेरी म्हणून त्या संध्याकाळी तो निघाला. प्रत्येक दारात उभा राहिला. वाल्मिकचं घर, "हाय." वैजनाथचं, "हाय, या." कुठं आवाज बाईचा, कुठं बाप्याचा, कुठं म्हाताऱ्याचा. परवापर्यंत मुकी असलेली दोन घरंही आज बोलली. त्यानं आत पाय टाकला नाही. दिवे आधीच लागलेले होते. त्याच्या काडीची कुणाला गरज उरली नव्हती.

एकच घर गप्प राहिलं, रंगुबाईचं. म्हातारी लेकीकडं अंथरुणाला खिळलेली, पण मनानं इथंच असणार. मच्छिंद्रनं उत्तर दिलं, दिवा लावला आणि किल्ली फिरवली.

मग तो स्वतःच्या घराकडं वळला. दार पुढं ओढलेलं, आत उजेड, भाकरीचा वास. संध्याकाळभराच्या सवयीनं म्हणा, नाहीतर कशानं म्हणा, उंबऱ्यापाशी त्याच्या तोंडून निघालं, "हायेत का घरात?"

"हाय," आतून आलं. "या."

बाप्याचा आवाज. जरा चिरका, शब्दाच्या शेवटी दमणारा. माणसाला आपला आवाज ओळखू येत नाही म्हणतात, पण मच्छिंद्रनं तो आयुष्यभर रिकाम्या घरांत ऐकला होता.

दाराच्या फटीतून त्याला चूल दिसली. छबूबाई तव्यावरची भाकरी उलटत होती, बोलत होती, हसत होती. तिच्यापुढं पाटावर एक माणूस पाठमोरा जेवायला बसला होता. अंगात लोकरीची बंडी. उजव्या खांद्यावर तांबडं ठिगळ, छबूबाईनं दिवाळीत लावलेलं, घरात दुसरा रंग नव्हता म्हणून. मच्छिंद्रचा हात आपोआप स्वतःच्या उजव्या खांद्यावर गेला. ठिगळ तिथंच होतं. टाके बोटाला लागले.

"अजून येक घ्या," छबूबाई त्या पाठीला म्हणाली. "उद्या परवासाला जायचंय म्हन्ता ना."

पाठ हलली. मान वळायला लागली.

मच्छिंद्रनं पुढचं बघितलं नाही. तो मागं फिरला आणि कंबर धरून पाराकडं निघाला. वाटेत दोन्ही बाजूंनी दारांखाली उजेड होते. रेश्माला फोन लागला तेव्हा त्याला धाप लागली होती. "येऊ नको. आमी हितंच ऱ्हातो."

"काय झालं, आप्पा? सकाळी तर..."

"न्हाई, बाई. मी कुठं जात न्हाई. ऐकलं का? मी कुठंबी जात न्हाई." हे तो फोनवर म्हणाला खरा, पण तोंड त्यानं घराकडं केलं होतं.

परत आला तेव्हा आत छबूबाई एकटीच होती. ताटात हात धुतलेलं पाणी. पाटाला हात लावला तर गरम.

"कुठं गेल्तात जेवनावरनं उठून?" ती म्हणाली. "आन् आता परत बसताय व्हय?"

तो बसला. भूक नव्हती, तरी दोन भाकरी खाल्ल्या. जागा सोडायची नाही, एवढंच त्याच्या डोक्यात होतं.

८

रात्र त्यानं दाराला पाठ लावून काढली. मनाला वेसण घातल्यासारखं तो एकच घोकत होता, आपण हितलं, आपण हितलं. राहुरी आठवू द्यायची नाही. रेश्माच्या घरापुढचा नळ आठवू द्यायचा नाही. नातवंडांची नावं मनात आली की तो दुसरंच काहीतरी धरायचा, गाईची शिंगं, डोंगराचा कडा. त्याला वाटलं, असं जमेल. बरीच वर्षं नाही, पण जेवढी उरलीत तेवढी जमेल. छबू चुलीपाशी बसलेली दिसते तोवर आपण समोरच्या पाटावर बसून राहायचं. अवघड काय त्यात?

उजाडलं. उन्हं डोंगराच्या कडेवर आली. घरात पाणी नव्हतं. छबूबाईला हापशाच्या वाटेनं, त्या दारांपुढून पाठवायची त्याची तयारी नव्हती, म्हणून कळशी घेऊन तो स्वतःच निघाला. "मी आलोच," तो दारातून म्हणाला. "पानी घिऊन येतो. येतोच."

"या की. कोन अडवलंय?" छबूबाई म्हणाली.

हापसा खाली, उताराला. अर्धी कळशी भरली असेल, तोच घाटाच्या वळणावर टेम्पोचा आवाज आला. रेश्मानं ऐकलं नव्हतं. बापाच्या आवाजातली धाप तिला कळली असणार. निळा टेम्पो, जावई ओंकार चालवतोय, शेजारी लेक बसलीय, डोक्याला रुमाल. खडखडत तो चढ चढून मच्छिंद्रच्या घरापुढं उभा राहिला.

त्यांना बघितलं आणि मच्छिंद्रचं काळीज भरून आलं. त्याला कोण काय करणार? ही आपली लेक, भल्या पहाटे राहुरीवरनं निघालेली. क्षणभर, एकच क्षण, त्याच्या मनात आलं की कळशी इथंच टाकावी, छबूला हाताला धरावी आणि लेकजावयाच्या शेजारी कसंतरी दाटीवाटीनं त्या टेम्पोत बसावं. जावं.

"न्हाई," तो लगेच मोठ्यानं म्हणाला. "मी हितंच. मी हितलाच."

वर रेश्मा टेम्पोतून उतरली. चपला काढल्या, उंबऱ्याबाहेर उभी राहिली. लहानपणापासूनची रीत तिच्या अंगात होती. "आप्पा," तिनं हाळी दिली, "हायेत का घरात?"

मच्छिंद्रनं खालून तोंड उघडलं. कंबरेतून कळ निघाली आणि तो हापशाला टेकला.

"हाय," वर घरातून आलं. "ये, बाई. आत ये."

रेश्मा वाकून आत गेली. तिच्या मागं ओंकार गेला.

मच्छिंद्र चढ चढायला लागला. कळशी त्याच्या हातातून केव्हा सुटली ते त्याला कळलं नाही. कंबर धरत, थांबत, परत पाऊल टाकत तो घरापाशी पोचला. आत कपबश्या वाजत होत्या. रेश्मा हसत होती. छबूबाई जावयाला म्हणत होती, च्या घ्या, साखर कमी पडली तर सांगा. मधेच तो चिरका आवाज सावकाश काहीतरी म्हणत होता आणि बाकीची तिघं ऐकत होती.

दार उघडंच होतं. नुसतं आत जायचं. पण पाय उचलेना. सगळी हयात त्यानं परक्या घराचा उंबरा मुक्यानं ओलांडला नव्हता. दाराची चौकट धरून, जेवढा श्वास उरला होता तेवढा एकवटून तो म्हणाला, "हायेत का घरात?"

आतलं बोलणं थांबलं.

"आई," रेश्माचा आवाज आला, "भाईर कोन तरी हाळी दिल्यागत वाटलं."

बशीत चहा ओतल्याचा आवाज आला. मग छबूबाई म्हणाली, "कोन असनार, बाई? गावात आमच्या दोघांबिगर हाय कोन?"